वाचकांचे प्रश्न : लिहिणारा नट, वासिली शुक्शिन

रशियन चित्रपटांविषयी आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे या वेळी एकाच नावाभोवती फिरत असल्यामुळे हे सदर या खेपेस वासिली शुक्शिन यांच्यासाठी राखून ठेवले आहे. पत्रलेखकांच्या नावांऐवजी केवळ त्यांची गावे दिली आहेत.

प्रश्न : मोरजीच्या आमच्या घरातील दोन खोल्या आम्ही हंगामात पाहुण्यांना देतो. यंदा उतरलेल्या एका रशियन जोडप्याशी सिनेमाविषयी बोलणे निघाले, तेव्हा त्यांनी राज कपूर यांचे नाव घेतले आणि मग मला विचारले की, तुम्ही शुक्शिनचे काही पाहिले आहे का. मी हे नाव प्रथमच ऐकत होते. ते नट होते की लेखक? (एक वाचक, मोरजी)

उत्तर : ते दोन्ही होते, आणि दिग्दर्शकही होते. वासिली मकारोविच शुक्शिन यांचा जन्म २५ जुलै १९२९ रोजी सैबेरियाच्या दक्षिणेस, अल्ताय प्रांतातील स्रोस्त्की या गावी झाला. काटून नदीच्या काठी वसलेल्या या गावातून मंगोलियाच्या सरहद्दीकडे जाणारा चुया महामार्ग जातो, आणि पुढे त्यांच्या कथांत व चित्रपटांत जे ट्रकचालक, ट्रॅक्टरवाले, सुतार आणि तुरुंगातून परतलेले तरुण भेटतात ते बहुतेक याच टापूतले आहेत. शेती सक्तीने सामूहिक करण्याच्या धामधुमीत, १९३३ साली, त्यांचे वडील मकार यांना अटक करून गोळ्या घालण्यात आल्या. मुलगा तेव्हा चार वर्षांचाही नव्हता. ‘जनतेच्या शत्रूचा मुलगा’ हा शिक्का बसू नये म्हणून तो लहानपणी आईच्या माहेरच्या पोपोव या आडनावाने वावरला. वडील निर्दोष असल्याचे सरकारने मान्य केले ते १९५६ साली. दरम्यान सावत्र वडीलही दुसऱ्या महायुद्धात मारले गेले होते.

बियस्क शहरातील मोटार तंत्रविद्यालयातले शिक्षण अर्धवट सोडून त्यांनी कालुगा आणि व्लादिमीर येथील कारखान्यांत मजुरी केली. १९४९ साली ते नौदलात गेले, सेवास्तोपोल येथे काळ्या समुद्राच्या ताफ्यात रेडिओचालक झाले, आणि पोटातील अल्सरमुळे त्यांना मुदतीपूर्वी घरी पाठवण्यात आले. गावी परतल्यावर त्यांनी शाळेत न जाता बाहेरून शालान्त परीक्षा दिली, ग्रामीण तरुणांच्या रात्रशाळेत रशियन भाषा व साहित्य शिकवले आणि काही काळ त्या शाळेचे मुख्याध्यापकपदही सांभाळले. १९५४ साली, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, ते मॉस्कोला निघाले. त्या प्रवासासाठी आईने गाय विकली, ही गोष्ट त्यांच्या चरित्रांत हमखास येते.

आपल्या पाहुण्यांनी हे नाव अगत्याने का घेतले, याचे थोडक्यात उत्तर असे की, त्यांनी लिहिलेला, दिग्दर्शित केलेला आणि प्रमुख भूमिकेत साकारलेला ‘कालिना क्रास्नाया’ हा चित्रपट १९७४ साली प्रदर्शित झाला आणि सोव्हिएत संघात तो सव्वासहा कोटी प्रेक्षकांनी पाहिला. त्यांच्या कथा आजही रशियातील शालेय अभ्यासक्रमात आहेत. दर जुलै महिन्यात स्रोस्त्कीजवळच्या पिकेत टेकडीवर त्यांच्या कथांच्या वाचनासाठी माणसे जमतात. तेव्हा त्या जोडप्याने आपल्याला एखाद्या जुन्या नटाची आठवण सांगितली नसून, शाळेत वाचलेल्या आणि घरात दूरदर्शनवर पुनःपुन्हा पाहिलेल्या माणसाचे नाव सांगितले, असे समजावे.

प्रश्न : मी एकांकिका लिहितो आणि देवळाच्या जत्रेला होणाऱ्या आमच्या गावच्या नाटकात कामही करतो. मंडळातील ज्येष्ठांचे म्हणणे असे की, लेखकाने स्वतःच्या नाटकात उभे राहू नये, कारण तो मग कोणाचेच ऐकत नाही. शुक्शिन आधी लेखक झाले की नट? आणि या दोन्ही गोष्टी त्यांनी कशा निभावल्या? (एक वाचक, फोंडा)

उत्तर : कालक्रमच पाहायचा तर दोन्ही गोष्टी एकाच वर्षी घडल्या. १९५८ साली ‘स्मेना’ या नियतकालिकात त्यांची पहिली कथा छापून आली, आणि मार्लेन खुत्सियेव यांच्या ‘दोन फ्योदोर’ या चित्रपटातील त्यांची पहिली प्रमुख भूमिकाही त्याच वर्षीची आहे. युद्धावरून परतणारा मोठा फ्योदोर वाटेत भेटलेल्या छोट्या अनाथ फ्योदोरला आपल्यासोबत घेऊन येतो, आणि पुढे मोठ्याच्या आयुष्यात एक स्त्री येते तेव्हा छोट्याच्या मनात जी असूया दाटते तिच्यावर हा चित्रपट उभा आहे. त्याआधी सर्गेई गेरासिमोव यांच्या ‘डॉन संथ वाहतो’ या चित्रपटात कुंपणाआडून डोकावणाऱ्या एका खलाशाचे क्षणभराचे काम त्यांनी केले होते. त्या कामासाठी श्रेयनामावलीत त्यांचे नावही नव्हते.

पण या दोन्ही वाटा ज्या जागी एकत्र आल्या ती जागा म्हणजे मॉस्कोची व्हीजीआयके ही चित्रपटशिक्षण संस्था. शुक्शिन तेथे गेले ते पटकथालेखन शिकण्याचा विचार मनात धरून. त्यांना प्रवेश मिळाला तो मात्र मिखाईल रॉम यांच्या दिग्दर्शनाच्या वर्गात. रॉम यांनी त्यांच्यातील लेखक ओळखला आणि कथा लिहून नियतकालिकांकडे पाठवण्यास सांगितले. म्हणजे लेखणीला वळण लावले ते दिग्दर्शनाच्या गुरूंनी, आणि भूमिका दिल्या त्या इतर दिग्दर्शकांनी. १९६० साली संस्थेतून बाहेर पडताना त्यांनी जो पदविका-चित्रपट केला त्याचे लेखन, दिग्दर्शन आणि त्यातील एक भूमिका, तिन्ही त्यांची होती. तो गाजला नाही. त्यानंतरची काही वर्षे ते प्रामुख्याने नट म्हणूनच वावरले: ‘एक साधी गोष्ट’ मध्ये नोना मोर्द्युकोवा यांच्यासमवेत, बोरिस बार्नेत यांच्या ‘आल्योन्का’ मध्ये, आणि इतरत्रही. या भूमिकांच्या मानधनावर गुजराण होत होती आणि उरलेल्या वेळात कथा लिहून होत होत्या. त्यांचा पहिला कथासंग्रह १९६३ साली आला.

आता आपल्या मंडळातील ज्येष्ठांच्या आक्षेपाकडे वळतो, कारण शुक्शिन यांची कारकीर्द त्याला अनपेक्षितपणे काहीसा दुजोरा देते. १९६४, १९६५ आणि १९६९ साली त्यांनी जे पहिले तीन पूर्ण लांबीचे चित्रपट दिग्दर्शित केले, त्यांपैकी एकातही त्यांनी प्रमुख भूमिका स्वतःकडे घेतली नाही. पहिल्या चित्रपटाचा नायक त्यांनी लिओनिद कुराव्ल्योव या तरुण नटाला दिला. स्वतःच्या मोठ्या चित्रपटात ते नायक म्हणून उभे राहिले ते १९७२ साली, ‘पेच्की-लावोच्की’ मध्ये, आणि तेही कुराव्ल्योव यांना ते काम करणे जमले नाही म्हणून. ‘दोन फ्योदोर’ पासून मोजल्यास मध्ये चौदा वर्षे गेली होती, आणि त्या चौदा वर्षांत ते सतत दुसऱ्याच्या दिग्दर्शनाखाली, दुसऱ्याच्या संहितेत काम करत होते. माझे मत विचाराल तर लेखकाने स्वतःच्या नाटकात खुशाल उभे राहावे. मात्र त्याआधी दुसऱ्यांच्या नाटकांत पुरेसे उभे राहिलेले असावे.

त्यांच्या भूमिकांकडे पाहताना एक गोष्ट सहसा निसटते. इतर दिग्दर्शकांनी त्यांना अनेकदा अधिकारी माणसाचे काम दिले. अलेक्सांद्र आस्कोल्दोव यांच्या ‘कमिसार’ मध्ये ते लष्करी तुकडीचे प्रमुख आहेत (१९६७ सालचा हा चित्रपट वीस वर्षे दडपून ठेवण्यात आला आणि १९८८ साली बर्लिन महोत्सवात त्याला रौप्य अस्वल मिळाले). ‘मुक्ती’ या युद्धपटमालिकेत ते मार्शल कोनेव आहेत. गेरासिमोव यांच्या ‘सरोवराकाठी’ या चित्रपटात ते बैकाल सरोवराच्या तीरावरील मोठ्या कारखान्याचे प्रमुख आहेत, आणि या कामासाठी त्यांना १९७१ साली सोव्हिएत राज्य पुरस्कार मिळाला. उद्योग हवा की सरोवराचे पाणी निर्मळ हवे, हा त्या चित्रपटातला वाद आहे, आणि खाणी व पाणी यांच्यातला झगडा गावोगावी पाहिलेल्या गोमंतकीय वाचकाला तो परका वाटणार नाही. शुक्शिन यांनी तो कारखानाप्रमुख खलनायक होऊ दिलेला नाही. समोरचा बोलत असताना ते खरोखर ऐकतात, ऐकता ऐकता त्यांचा चेहरा बदलत जातो, आणि त्यामुळे प्रेक्षकाला या माणसाची अडचणही समजते. माझ्या दृष्टीने नट म्हणून त्यांची खरी ताकद या ऐकण्यात आहे. स्वतःच्या चित्रपटांत मात्र त्यांनी ना मार्शल निवडला, ना कारखानाप्रमुख; तेथे ते एकदा ट्रॅक्टरचालक झाले आणि एकदा चोर.

प्रश्न : शुक्शिन हे दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्हस्की यांचे सहाध्यायी होते, हे खरे आहे का? (एक वाचक, डिचोली)

उत्तर : खरे आहे. दोघेही १९५४ साली रॉम यांच्या एकाच वर्गात दाखल झाले. १९५६ साली तार्कोव्हस्की यांनी सहाध्यायांसमवेत हेमिंग्वे यांच्या ‘द किलर्स’ या कथेवर जो विद्यार्थी-लघुपट केला, त्यात मारेकऱ्यांची वाट पाहत भिंतीकडे तोंड करून पडून राहिलेल्या मुष्टियोद्ध्याचे काम शुक्शिन यांनी केले आहे. पुढे दोघांच्या वाटा इतक्या वेगळ्या झाल्या की त्यांची तुलना करून फारसे काही हाती लागत नाही.

प्रश्न : मी महाविद्यालयात शिकतो आणि लघुपटांच्या पटकथा लिहिण्याचा प्रयत्न करतो. स्वतःच्या कथेवरून पटकथा करताना माझी कथा मला सोडवत नाही. शुक्शिन यांनी हे कसे साधले? (एक वाचक, म्हापसा)

उत्तर : आपली अडचण त्यांनाही आली होती, आणि तिच्यातून बाहेर पडायला त्यांना तीन चित्रपट लागले. म्हणून ते तिन्ही क्रमाने पाहू.

पहिला ‘असा एक तरुण आहे’, १९६४ सालचा. याची पटकथा त्यांनी आपल्या आधीच्या कथांचे दुवे जुळवून केली. चुया महामार्गावर ट्रक चालवणारा पाश्का कोलोकोल्निकोव हा फुशारकी मारणारा, पोरींवर भाळणारा, मनाचा निर्मळ तरुण त्या सर्व कथांना एकत्र बांधतो. इंधनाच्या साठ्याजवळ पेटलेला ट्रक तो जिवावर उदार होऊन दूर नेतो, पाय मोडून घेतो आणि रुग्णालयात पडतो. तेथे शहरातून आलेली पत्रकार तरुणी (हे काम कवयित्री बेल्ला अख्मादुलिना यांनी केले आहे) त्याला विचारते की, हे धाडस करण्याची प्रेरणा आपल्याला कशातून मिळाली. यावर तो उत्तर देतो की, मूर्खपणातून. एवढ्या एका उत्तराने त्या काळच्या वीरगाथांची सगळी ठरीव भाषा बाजूला पडते, आणि पाश्का अधिकच आवडू लागतो. या चित्रपटाला १९६४ सालच्या व्हेनिसच्या बालचित्रपट महोत्सवात सुवर्णसिंह मिळाला आणि मायदेशी विनोदी चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. दुसऱ्या पुरस्काराने शुक्शिन काहीसे नाराजच झाले, कारण आपण विनोदी चित्रपट केलेला नाही असे त्यांचे म्हणणे होते.

दुसरा ‘तुमचा मुलगा आणि भाऊ’, १९६५ सालचा. यालाही कथांचाच आधार आहे, पण येथे त्या एका कुटुंबातील भावंडांच्या झाल्या आहेत. त्यांतील स्त्योप्काची गोष्ट आपण अवश्य अभ्यासावी. शिक्षा संपायला अवघे तीन महिने उरलेले असताना हा तरुण तुरुंगातून पळून गावी येतो. घरच्यांना वाटते की तो रीतसर सुटून आला आहे, म्हणून मेजवानी होते, गाणी होतात. रात्री पोलीस येतो. तू असे का केलेस, या प्रश्नावर त्याचे सांगणे एवढेच की, गावाची ओढ अनावर झाली होती, आता मन भरले आहे, आता राहता येईल. त्याच्या मुक्या बहिणीला काय घडले हे कळते तेव्हा ती ज्या तऱ्हेने भावाला धरू पाहते, तेथे कथेतील शब्द कमी पडतात आणि चित्रपटाला शब्दांची गरजच राहत नाही. लेखकाने आपली कथा सोडायची ती अशा ठिकाणी. बहीण मुकी आहे ही गोष्ट कागदावर वाचताना आपण फार तर नोंदवून पुढे जातो, पडद्यावर मात्र संपूर्ण प्रसंग तिच्याच हाती जातो.

तिसरा ‘विलक्षण माणसे’, १९६९ सालचा. यात तीन कथा एकापुढे एक ठेवल्या आहेत आणि प्रत्येक कथा सुटी वाचताना उत्तम आहे. तरीही चित्रपट फसला, असे मला वाटते, कारण एका माणसाशी नुकती ओळख होत असतानाच प्रेक्षकाला त्याचा निरोप घेऊन दुसऱ्याशी नव्याने सुरुवात करावी लागते. वाचक दोन कथांच्या मध्ये पुस्तक मिटून ठेवू शकतो, ती मुभा प्रेक्षागृहात बसलेल्याला नसते. यानंतर शुक्शिन यांनी छापलेल्या कथा जोडून चित्रपट करण्याची पद्धत सोडली. पुढच्या दोन्ही चित्रपटांसाठी त्यांनी थेट पडद्याचाच विचार करून, पण वाचता येईल अशा दीर्घकथेच्या रूपात लेखन केले. ‘कालिना क्रास्नाया’ ही दीर्घकथा १९७३ साली ‘नाश सोव्रेमेन्निक’ या मासिकात चित्रपटाच्या आधी वाचकांपुढे आली होती. तिच्यात वर्णन अगदी मोजके आणि संवाद भरपूर आहेत, आणि माणसे आपल्या मनात काय चालले आहे हे कधीच सरळ सांगत नाहीत.

याच चित्रपटातील आईचा प्रसंग आपल्या कामाचा आहे. येगोर प्रोकुदिन हा मुरलेला चोर शिक्षा भोगून बाहेर येतो आणि तुरुंगात असताना पत्रांतून ओळख झालेल्या ल्युबा या स्त्रीच्या गावी जातो. ल्युबाचे काम शुक्शिन यांच्या पत्नी लिदिया फेदोसेयेवा-शुक्शिना यांनी केले आहे. पुढे तो ल्युबाला सोबत घेऊन आपल्या आईच्या घरी जातो, पण स्वतःची ओळख देत नाही. ल्युबा सरकारी कामाचे निमित्त करून म्हातारीशी बोलते, तिच्या हरवलेल्या मुलाविषयी विचारते, आणि येगोर काळा चष्मा लावून बाजूला मुकाट बसून राहतो. लेखकाने येथे येगोरच्या तोंडी एकही वाक्य घातलेले नाही. दिग्दर्शकाने आईच्या जागी नटी न घेता गावातलीच एक खरी वृद्धा घेतली, आणि ती बोलते ते तिच्या स्वतःच्या दुःखाविषयी. आणि नटाने, आपल्याकडे संवाद नाहीत हे ठाऊक असल्याने, सर्व भार ऐकण्यावर टाकला. बाहेर पडल्यावर तो माळावर कोसळून जमिनीला बिलगून रडतो तेव्हाच त्याचा आवाज मोकळा होतो. पटकथेतील मौन कोणाच्या जिवावर लिहायचे, हे त्यांना नट असल्यामुळे कळले होते.

जाता जाता, ‘चुदिक’ ही त्यांची १९६७ सालची कथा मिळाली तर वाचावी. दुकानात जमिनीवर पडलेली पन्नास रुबलची नोट पाहून कथेचा नायक मोठ्याने सगळ्यांना सांगतो, ती काउंटरवर ठेवतो, मग ती आपलीच होती हे बाहेर गेल्यावर त्याच्या ध्यानात येते, आणि लोक काय म्हणतील या भीतीने तो ती मागायला परत जात नाही. भावाच्या घरी जाऊन तो बाळाची ढकलगाडी हौसेने रंगवून काढतो आणि वहिनीचा रोष ओढवून घेतो. हा वेडगळ, भला माणूस पोटासाठी काय करतो हे लेखक अगदी शेवटच्या ओळींत सांगतो: तो गावात चित्रपट दाखवणारा यंत्रचालक आहे.

प्रश्न : शुक्शिन यांना स्तेपान राझिन याच्यावर चित्रपट करायचा होता आणि तो त्यांना करू दिला नाही, असे वाचले. का? (एक वाचक, साखळी)

उत्तर : राझिन हा डॉन नदीकाठच्या लढवय्या कोसॅकांचा पुढारी होता. १६७० साली त्याने झारशाहीविरुद्ध उभारलेल्या बंडाला व्होल्गाकाठची शेतकरी प्रजा येऊन मिळाली, सिम्बिर्स्क येथे बंड मोडले, स्वतःच्याच माणसांनी त्याला पकडून दिले, आणि १६७१ साली मॉस्कोत त्याला देहान्त शासन झाले. रशियन लोकगीतांत तो आजही आहे. शुक्शिन यांना या माणसाने तरुणपणापासून पछाडले होते आणि ही भूमिका त्यांना स्वतःच करायची होती.

१९६६ साली त्यांनी गॉर्की स्टुडिओकडे प्रस्ताव दिला. पटकथा १९६८ साली ‘इस्कुस्त्वो किनो’ या मासिकात छापूनही आली. मग आक्षेप सुरू झाले: हिंसा फार आहे, खर्च अवाढव्य आहे, आजच्या जीवनावर चित्रपट करायचे सोडून इतिहासात कशाला शिरायचे. १९७१ साली स्टुडिओने काम थांबवले. खर्चाचा मुद्दा खोटा नव्हता, कारण शेकडो घोडेस्वार, नौका आणि तटबंदीची शहरे उभी करायची होती. परंतु त्याच काळात त्याहून महागडे युद्धपट तेथे होत होते, तेव्हा केवळ पैशाने हे अडले असे मला वाटत नाही. सत्तेविरुद्ध उठलेला आणि आपल्याच क्रौर्याने आतून पोखरला जाणारा नायक, असा शुक्शिन यांचा राझिन होता. बंडखोराला पुतळ्यासारखे स्वच्छ उभे करणाऱ्या सरकारी इतिहासात तो बसणारा नव्हता.

शुक्शिन यांनी तोच विषय कादंबरीत उतरवला. ती १९७१ साली ‘सिबिर्स्किये ओग्नी’ या मासिकातून आणि १९७४ साली पुस्तकरूपाने आली. राझिनचे चित्रीकरण मिळेल या आशेने ते गॉर्की स्टुडिओ सोडून मॉसफिल्ममध्ये गेले. तेथे त्यांना आधी समकालीन विषयावर चित्रपट करावा लागला, आणि तो चित्रपट म्हणजे ‘कालिना क्रास्नाया’. त्यानंतर शोलोखोव यांच्या कादंबरीवरील सर्गेई बोंदारचुक यांच्या युद्धपटात भूमिका करणे आले. म्हणजे जी दोन कामे आज त्यांची सर्वांत मोठी मानली जातात, ती त्यांच्या लेखी खऱ्या कामाकडे जाताना वाटेत करावी लागलेली होती. हे मला त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत विलक्षण सत्य वाटते.

१९६७ सालच्या एका लेखात त्यांनी स्वतःची स्थिती सांगितली होती ती अशी की, आपण धड शहरी झालो नाही आणि खेडवळही उरलो नाही, एक पाय काठावर आणि एक होडीत. मुंबईत संसार थाटून चतुर्थीला गावी येणाऱ्या कित्येक गोमंतकीयांना हे वाक्य ओळखीचे वाटेल. राझिन त्यांना का हवा होता, याचा थोडा उलगडा या वाक्यात आहे असे मी मानतो: ज्याने काठ कायमचा सोडला असा माणूस त्यांना एकदा स्वतःच्या देहाने जगून पाहायचा होता.

प्रश्न : त्यांचा मृत्यू संशयास्पद होता असे ऐकले. नेमके काय झाले? (एक वाचक, मडगाव)

उत्तर : बोंदारचुक यांच्या ‘ते मातृभूमीसाठी लढले’ या चित्रपटाचे चित्रीकरण व्होल्गोग्राद प्रांतात डॉन नदीच्या परिसरात, क्लेत्स्कायाजवळ चालू होते आणि नटमंडळींचा मुक्काम ‘दुनाय’ या जहाजावर होता. तेथील आपल्या खोलीत २ ऑक्टोबर १९७४ रोजी शुक्शिन मृतावस्थेत आढळले. ते पंचेचाळीस वर्षांचे होते. मृत्यूचे कारण हृदयविकार असे नोंदवले गेले. नौदलातून घरी पाठवणारा अल्सर त्यांना आयुष्यभर त्रास देत होता, आणि लेखन, दिग्दर्शन व अभिनय ही तिन्ही कामे ते वर्षानुवर्षे एकाच वेळी ओढत होते. तेव्हापासून अफवांना तोटा नाही. परंतु त्यांच्या आधारे या सदरात काही लिहिणे उचित नाही. त्यांच्यावर मॉस्कोतील नोवोदेविची स्मशानभूमीत अंत्यसंस्कार झाले आणि १९७६ साली त्यांना मरणोत्तर लेनिन पारितोषिक देण्यात आले.

प्रश्न : २०१९ च्या इफ्फीत रशिया हा विशेष देश होता, तेव्हापासून पणजीत जे रशियन चित्रपट दाखवले जातात ते मी पाहत आलो आहे, पण शुक्शिन राहून गेले. कोणत्या क्रमाने पाहावेत? (एक वाचक, पणजी)

उत्तर : मॉसफिल्म स्टुडिओने आपले अनेक जुने चित्रपट यूट्यूबवरील स्वतःच्या वाहिनीवर इंग्रजी उपशीर्षकांसह ठेवले आहेत, त्यामुळे महोत्सवाची वाट पाहण्याचे कारण नाही. बहुतेक लोक ‘कालिना क्रास्नाया’ पासून सुरुवात करण्यास सांगतात. मी तसे सांगणार नाही. आधी ‘असा एक तरुण आहे’ पाहावा, म्हणजे त्यांच्या लेखनातील हसू कानांत राहील आणि नंतरचे चित्रपट केवळ दुःखी वाटणार नाहीत. मग ‘पेच्की-लावोच्की’: ट्रॅक्टरचालक इव्हान आपल्या बायकोला घेऊन आगगाडीने दक्षिणेला समुद्रकिनारी विश्रांतीसाठी निघतो, वाटेत त्याला एक सराईत चोर आणि एक प्राध्यापक भेटतात, आणि इव्हान त्यांच्यात अवघडून बसतो. बायकोच्या भूमिकेत लिदिया आहेत आणि त्यांच्या दोन्ही लहान मुलीही पडद्यावर दिसतात. शेवटी इव्हान अनवाणी जमिनीवर बसून प्रेक्षकांना थेट सांगतो की, मंडळी, संपले. किनाऱ्यावर येणारे पाहुणे रोज पाहणाऱ्या गोव्याच्या प्रेक्षकाला पाहुण्याच्या बाजूने केलेला हा प्रवास विशेष भावेल.

‘कालिना क्रास्नाया’ तिसरा ठेवावा, आणि तो एकट्याने पाहावा. नट म्हणूनच त्यांना समजून घ्यायचे असेल तर ‘सरोवराकाठी’ आणि ‘कमिसार’ हे दोन पुरेत. ‘मुक्ती’ मालिकेतील कोनेव पाहिला नाही तरी चालेल. सर्वांत शेवटी ‘ते मातृभूमीसाठी लढले’ पाहावा. त्यात रणगाडाविरोधी बंदूक चालवणाऱ्या लोपाखिन या सैनिकाच्या भूमिकेत शुक्शिन आहेत, परंतु चित्रपट पूर्ण होण्यापूर्वीच ते गेल्यामुळे त्यांच्या तोंडी ऐकू येणारा आवाज इगोर येफिमोव या दुसऱ्या नटाचा आहे आणि काही दृश्यांत त्यांच्या जागी दुसऱ्याला उभे करावे लागले आहे. त्यांचा स्वतःचा आवाज आधीच्या चित्रपटांतून कानांत बसलेला असेल तरच हा फरक जाणवतो, म्हणून हा चित्रपट आधी पाहू नये.